न कापलेला काळ

चित्रपटात काळ पुढे न्यायचा तर दिग्दर्शक कट मारतो. पडद्यावर साल येतं, पोशाख बदलतात, नायकाचे केस पांढरे होतात आणि मधली वर्षं सरली हे आपण निमूट मान्य करतो. ही सोय इतकी अंगवळणी पडली आहे की तिच्यात एक मत दडलंय, हे ध्यानातच येत नाही. ते संपलं, आता हे सुरू झालं, असं ते मत. ग्रीक दिग्दर्शक थिओ अँजेलोपोलस यांना ते मान्य नव्हतं. त्यांची सारी कारकीर्द मला या एका नकारावर उभी दिसते.

त्यांचा ‘द ट्रॅव्हलिंग प्लेअर्स’ (१९७५) हा चित्रपट एका फिरत्या नाटक मंडळीचा आहे. सुटकेसा उचलून गावोगाव जायचं आणि ‘गोल्फो’ हे मेंढपाळणीच्या प्रेमाचं जुनं, लोकप्रिय नाटक करायचं, हे या मंडळीचं पोट. काळ मात्र १९३९ ते १९५२ चा : मेटाक्सासची हुकूमशाही, जर्मनांचा कब्जा, मग यादवी. प्रयोग रंगात येतो न येतो तोच बाहेरचं काहीतरी आत घुसतं आणि नाटक अर्धवट राहतं.

त्यातला एक प्रसंग नीट पाहू. १९४६ च्या नववर्षाची रात्र. एका नृत्यगृहात डाव्या विचारांची तरुण जोडपी आणि राजाच्या बाजूचे, सूट-हॅट घातलेले पुरुष समोरासमोर आले आहेत. आधी गाण्यांची झुंज जुंपते. मग पिस्तूल निघतं. डाव्यांनी आदल्या वर्षी वार्किझा करारानंतर शस्त्रं खाली ठेवलेली. ते निघून जातात. उरलेले पुरुष एकमेकांनाच धरून नाचतात. पुढे ही टोळी गात, झोकांड्या खात रस्त्यावर येते आणि कॅमेरा तिच्याबरोबर चालू लागतो. कट नाही. चालता चालता पावलं सावरतात, ताल धरतात, बघता बघता त्यांचं संचलन होतं. शेवटी ही माणसं ज्या गर्दीत मिसळतात ती उजव्या बाजूचे नेते फील्ड मार्शल पापागोस यांची निवडणूक सभा असते, आणि साल असतं १९५२. काहीशे पावलांत सहा वर्षं!

इथे कट घातला असता तर काय बिघडलं असतं? १९४६ चे दंडेल आणि १९५२ चे प्रतिष्ठित नागरिक ही आपल्याला दोन वेगळी माणसं वाटली असती. अँजेलोपोलस ती पळवाटच बंद करतात. पाय तेच, कोट तेच, गळाही तोच. आपण त्यांच्यावरून नजर काढलेली नाही, त्यामुळे मध्ये कुणी बदललं असेल अशी समजूत करून घेता येत नाही.

हा हट्ट पुस्तकातून आलेला नव्हता. अँजेलोपोलस यांचा जन्म १९३५ चा, अथेन्समधला. डिसेंबर १९४४ च्या रस्त्यावरच्या लढाईत त्यांच्या वडिलांना पकडून नेलं. नऊ वर्षांचा मुलगा आईबरोबर प्रेतांमध्ये वडिलांना शोधत फिरला. वडील पुढे जिवंत परतले. पण असं काही पाहिलेल्याला ‘ते संपलं’ कोण सांगणार? त्यात १९६७ साली लष्करी कर्नलांनी सत्ता बळकावली; जुनी हुकूमशाही नव्या गणवेशात परतली. ‘ट्रॅव्हलिंग प्लेअर्स’चं चित्रीकरण सुरू झालं तेव्हा कर्नलांची राजवट शिल्लक होती. १९३९ बद्दलचा चित्रपट १९७४ मध्ये करणं म्हणजे इतिहास चितारणं नव्हतंच, ती दारातली गोष्ट होती.

‘युलिसिस गेझ’ (१९९५) मध्ये हीच युक्ती रस्त्यावरून घरात येते, आणि मला ती तिथे अधिक जिव्हारी लागते. रोमानियातल्या कॉन्स्टान्झा शहरात एका ग्रीक कुटुंबाचा नववर्षाचा सोहळा चालू आहे. जोडपी नाचताहेत. दारात पोलीस येतात, घरातल्या एकाला घेऊन जातात, नाच पुन्हा सुरू होतो. थोड्या वेळाने जप्तीवाले येऊन पियानो उचलतात. त्याच खोलीत, त्याच नाचात, १९४५ पासून १९५० पर्यंतची वर्षं निघून जातात. आईजवळचा छोटा मुलगा म्हणून नायकाची भूमिका करणारा प्रौढ हार्वे कायटेलच उभा असतो; आठवणीत आपण आताच्याच वयाचे असतो, हे याहून सरळ मी कुठे पाहिलेलं नाही.

हे चित्रपट संथ आहेत, अशी तक्रार होते. ती खोटी नाही. लांबलेल्या शॉटमध्ये कुठे पाहायचं हे कुणी सांगत नाही. छायाचित्रकार योर्गोस अर्वानितिस यांचा कॅमेरा दूर उभा राहतो, महत्त्वाचं ते कधी चौकटीबाहेर घडतं आणि आपल्याला फक्त ऐकू येतं. वाट पाहावी लागते. शेवटच्या काही चित्रपटांत, विशेषतः ‘द डस्ट ऑफ टाइम’मध्ये, ही पद्धत गरजेपेक्षा सवयीची झाली आहे, असंही माझं मत आहे. तिथे काळ जोडला जातो, पण त्या जोडण्याने काही उघडं पडत नाही. ‘ट्रॅव्हलिंग प्लेअर्स’मध्ये मात्र प्रत्येक लांब शॉट कुणाची तरी सबब काढून घेतो.

म्हणून एक विनंती. हा चित्रपट जवळजवळ चार तासांचा आहे आणि घरी तो तुकड्या-तुकड्यांत पाहण्याचा मोह होईल. तसा पाहू नका. दिग्दर्शकाने जे कट टाळले, ते आपण रिमोटने घालू नयेत. एक अख्खी दुपार मोकळी ठेवा आणि एका बैठकीत पाहा.