साक्ष गाडी बदलते

कुर्डुवाडीला एके काळी माल दोनदा हाताळावा लागे. ब्रॉडगेजनं आलेली पोती इथं उतरायची आणि बार्शी लाइट रेल्वेच्या अडीच फुटी रुळांवरच्या डब्यांत चढायची. चढउतारात पोतं फाटलं, दाणे सांडले, की पुढच्या काट्यावर वजन कमी भरणार. बलात्काराच्या खटल्यांतले अपिलाचे निकाल वाचताना मला ही पोती हटकून आठवतात.

खालच्या कोर्टात बाई पिंजऱ्यात उभी असते. बोलता बोलता थांबते, पदर तोंडाला लावते, पाणी मागते. न्यायाधीश ते डोळ्यांनी बघतात. साक्षीदाराच्या आविर्भावाबद्दल महत्त्वाचं वाटेल ते टिपून ठेवावं, असं फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम २८० सांगत असे. नव्या संहितेतही ती तरतूद आहे. पण टिपलं नाही तर वर काहीच जात नाही. वर जातं ते पेपर बुक, म्हणजे खटल्याच्या कागदांचा गठ्ठा. शिवाय साक्ष झालेली मराठीत, उच्च न्यायालयाचं कामकाज इंग्रजीत. आपल्याकडची बाई ‘बलात्कार’ हा शब्द सहसा उच्चारत नाही. ‘वाईट काम केलं’, ‘अब्रू घेतली’, ‘जबरदस्ती केली’ असं म्हणते. नेमकं काय घडलं ते सरकारी वकिलानं तिथंच विचारून घेतलं नसेल, तर वर त्या दोन शब्दांचा कीस पडतो. पोलिसांपुढच्या जबाबात नसलेली गोष्ट ती कोर्टात बोलली, की बचावाचे वकील ‘ओमिशन’ म्हणून बोट ठेवतात. जबाब लिहिलेला असतो हवालदारानं, त्याच्या भाषेत. तफावत मात्र तिच्या खात्यावर.

शिक्षेविरुद्ध अपील आलं की उच्च न्यायालय सगळा पुरावा नव्यानं तोलतं. निर्दोष सुटकेविरुद्ध अपील असेल, तर हात आखडता घेतं: दोन निष्कर्ष सारखेच पटण्याजोगे असतील तर खालच्या कोर्टाच्या निकालाला धक्का लावू नये, हे सर्वोच्च न्यायालयानं २००७ साली चंद्रप्पा खटल्यात स्पष्ट केलं. नियम रास्त आहे. गोम ‘पटण्याजोगे’ या शब्दात आहे. कुणाला?

२६ मार्च १९७२ ची रात्र, तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातलं देसाईगंज. चौदा ते सोळा वर्षांच्या आदिवासी मुलीला भावाच्या तक्रारीवरून पोलीस ठाण्यात आणलेलं. जबाब झाल्यावर बाकीच्यांना बाहेर जायला सांगितलं, तिला थांबवून घेतलं. आरोपी एक शिपाई आणि एक हवालदार. सत्र न्यायालयानं १९७४ साली दोघांना सोडलं: मुलगी खोटारडी, तिला शरीरसंबंधांची सवय, म्हणजे तिची संमती होती. नागपूर खंडपीठानं १९७६ साली तीच साक्ष वाचली आणि म्हटलं, धाकापुढे मान तुकवणं म्हणजे संमती नव्हे. शिपायाला पाच वर्षं, हवालदाराला एक. १५ सप्टेंबर १९७८ ला सर्वोच्च न्यायालयानं दोघांनाही मोकळं केलं. अंगावर जखमा नाहीत, तेव्हा प्रतिकाराची गोष्ट रचलेली. शिपाई घेऊन गेला तेव्हा ती मुकाट गेली, तेव्हा भीतीही नव्हती.

कागद तिन्ही वेळा तोच होता. वाचणाऱ्यांच्या डोक्यातली बाई वेगळी होती. रात्री, पोलीस ठाण्यात, मजुरी करून जगणारी पोर खाकी वर्दीपुढे आरडाओरडा करील, ही अपेक्षा पुराव्यात कुठंच नव्हती. ती न्यायासनानं घरून आणली होती.

(निकालपत्रावर नाव हवालदाराचं आहे: ‘तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य’. लोकांच्या तोंडी राहिलं ते मुलीचं. पीडितेचं नाव छापणं आज गुन्हा आहे, म्हणून इथं ते नाही.)

सप्टेंबर १९७९ मध्ये उपेंद्र बक्षी, लोतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर यांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. त्यातून उठलेल्या आंदोलनानंतर १९८३ साली पुरावा कायद्यात कलम ११४-अ आलं: पोलीस कोठडीसारख्या ठिकाणी संबंध सिद्ध झाला आणि बाई म्हणाली की माझी संमती नव्हती, तर न्यायालयानं ती नव्हती असंच गृहीत धरायचं. बाईच्या चारित्र्यावर शिंतोडे उडवून तिची साक्ष पाडायची सोय २००२ पर्यंत कायद्यातच होती. मधल्या काळात, १९९० साली, नागपूरच्याच एका फौजदाराच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं उच्च न्यायालयानं दिलेली सुटका रद्द केली आणि सांगितलं की पीडिता ही गुन्ह्यातली साथीदार नव्हे. तिच्या साक्षीला दुजोरा हवाच, असा नियम नाही.

याचा अर्थ तिनं म्हटलं की झालं, असा मी घेत नाही. एकाच साक्षीवर माणूस वर्षानुवर्षं आत जाणार असेल, तर ती साक्ष खणखणीत हवी. २०१२ च्या राय संदीप खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं हेच म्हणून आरोपींना सोडलं, आणि तो निकाल मला चुकीचा वाटत नाही. संशयाचा फायदा आरोपीला मिळालाच पाहिजे. तो संशय पुराव्यातून निघालेला असावा, एवढंच.

१८ ऑगस्ट २०२५ पासून सोलापूर जिल्ह्याची अपिलं मुंबईऐवजी कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे जातात. कुर्डुवाडीहून पंढरपूर-मिरजेमार्गे, म्हणजे जुन्या अडीच फुटी गाडीच्याच वाटेनं. त्या वाटेवर आता ब्रॉडगेज आहे, पोती उतरवावी लागत नाहीत. साक्ष मात्र अजून उतरवली जाते. म्हणून खालच्या कोर्टात साक्ष लिहून घेणाऱ्यांना एक विनंती: ती ‘वाईट काम’ म्हणाली तर तेच शब्द लिहा, मग तिला त्याचा अर्थ विचारा, आणि तिचं उत्तरही तिच्याच शब्दांत लिहा. ती मध्येच गप्प झाली, तर तेही लिहा.