उसना सूर

आमच्या जबलपुरातील गणेशोत्सवात एखाद्या मुलाने गिटारीवर अभंग म्हटला, की आम्हा वडीलधाऱ्यांच्या कपाळाला आठ्या पडतात. परक्या सुराने श्रद्धा विटाळते काय?

कोकणातील बेने इस्राएल समाजाकडे पाहावे. शनिवारी घाणा बंद ठेवणाऱ्या या यहुदी तेल्यांच्या वंशजांनी १८८० च्या सुमारास मुंबईत हरिदासी कीर्तन स्वीकारले आणि मराठी पदांतून अब्राहाम, मोशे यांची आख्याने गायिली. सूर शेजाऱ्याचा, देव मात्र आपलाच! पुढे बहुतेक जण इस्राएलला गेले, तेव्हा ही पदेही बरोबर गेली. उसने घेतलेलेच वारसा ठरले.

म्हणून मुलाच्या हाती वाद्य कोणते, हे पाहण्याआधी त्याला अभंगाचा अर्थ ठाऊक आहे काय, हे विचारावे; आणि तो आपण त्याला कधी सांगितला काय, हे स्वतःला.