न घेतलेला घटस्फोट

एखाद्या माणसानं एक गोष्ट फक्त केली नाही, तर त्याचं त्याला श्रेय किती द्यायचं? हेनी पोर्टेनमुळे हा प्रश्न माझ्या डोक्यात शिरलाय.

नाव आज कुणाला फारसं माहीत नाही. पण पहिल्या महायुद्धाच्या सुमारास जर्मनीत सिनेमाची स्टार म्हणजे हेनी पोर्टेन. जन्म १८९०, माग्डेबुर्गचा. काम मूकपटांत, म्हणजे बोलायचं ते चेहऱ्यानं. लुबिचच्या सिनेमात ती अॅन बोलीन झाली, त्याच वर्षी, १९२० मध्ये, एका धमाल विनोदी सिनेमात तिनं दोन बहिणींची दुहेरी भूमिकाही केली. लोकांच्या मनात मात्र ती राहिली सोशिक, निष्ठावान जर्मन बाई म्हणून.

पहिला नवरा १९१६ मध्ये युद्धात मारला गेला. १९२१ मध्ये तिनं विल्हेल्म फॉन काउफमान या डॉक्टरशी लग्न केलं. तो ज्यू वंशाचा होता. १९३३ मध्ये नाझी सत्तेवर आले आणि ही बाब एकदम सरकारी झाली. घटस्फोट घे, नाहीतर काम विसर. तिनं घेतला नाही. कामं आटली. देश सोडायची परवानगीही मिळाली नाही. ज्यांना 'आदर्श जर्मन स्त्री' हवी होती, त्यांना खरीखुरी निष्ठावान बायको समोर आल्यावर ती नकोशी झाली.

बाकीच्यांनी काय केलं? लोकप्रिय नट हाइन्झ रूमाननं १९३८ मध्ये ज्यू बायकोशी घटस्फोट घेतला. (तिनं नंतर एका स्वीडिश माणसाशी लग्न केलं आणि ती वाचली, त्यामुळे त्याला सरळ खलनायक ठरवणंही जमत नाही.) योआखिम गोटशाल्क या नटानं घटस्फोट नाकारला. बायको आणि मुलाला छळछावणीत पाठवायची वेळ आली, तेव्हा नोव्हेंबर १९४१ मध्ये तिघांनी एकत्र जीवन संपवलं. अशा लग्नांमध्ये ज्यू जोडीदार बहुतेक वेळा वाचायचा तो केवळ लग्न टिकून होतं म्हणून. घटस्फोटाच्या कागदावर सही, की दुसऱ्याचा जीव धोक्यात.

आता अडचण. हेनीनं त्या काळात सिनेमे केलेच. १९४१ मध्ये पाब्स्टचा एक, १९४४ मध्ये कार्ल फ्रोलिशचे दोन. फ्रोलिश तिचा जुना भागीदार, आणि तेव्हा नाझींच्या फिल्म चेंबरचा अध्यक्ष. गोबेल्सच्या कारखान्यात तिनं काम केलं, हे मला झाकायचं नाही. निषेधाची पोस्ट पाहून माणूस ओळखायची आपल्याला सवय. त्या मापानं ती नापासच.

पण त्या दोन सिनेमांपैकी दुसऱ्याचं नाव 'नाइगुंग्सएहे'. 'नाइगुंग' म्हणजे मनाची ओढ. ओढीनं केलेलं लग्न. कांटचा शब्दही हाच. त्याच्या मते ओढीपोटी केलेलं चांगलं काम कौतुकाचं असेल, पण त्याला खरं नैतिक मोल नाही; ते कर्तव्यापोटी केलेल्यालाच. मग हेनीचं काय? नवऱ्यावर प्रेम होतं म्हणून राहिली, त्यात कसली नीती?

मला कांट इथे पटत नाही. ओढ बारा वर्षं तशीच राहत नाही. पैसा जातो, नाव जातं, भीती रोज दारात असते. अशा वेळी प्रेम कुठे संपलं आणि कर्तव्य कुठे सुरू झालं, हे तिला स्वतःला तरी सांगता आलं असतं का? आणि काउफमानला त्या फरकाचं काय? तिच्याकडे एकच गोष्ट मागितली गेली होती, ती तिनं दिली नाही. इतर बरंच काही दिलं असेल.

युद्ध संपल्यावर पश्चिम जर्मनीत तिला फारसं काम मिळेना. १९५४ आणि १९५५ मध्ये तिनं पूर्व जर्मनीच्या डेफा स्टुडिओसाठी दोन सिनेमे केले. रूमान पुढे कित्येक दशकं जर्मनांचा लाडका राहिला.

काउफमान १९५९ मध्ये गेला. लग्नाला अडतीस वर्षं झाली होती. पुढच्या ऑक्टोबरात बर्लिनमध्ये ती गेली.