कालचिन्ह आणि त्याची बाकी

चिन्हांच्या साहाय्याने काळ हाताळता येतो, ही अद्भुत कथेची आवडती कल्पना आहे. मांत्रिक एक आकृती रेखतो आणि प्रहर थांबतो. दुसरी रेखतो आणि घडलेले न घडल्यासारखे होते. अशा कल्पित लिपीविषयी संभाव्यतेचा प्रश्न गौण ठरतो, कारण लिपी स्वतःच्या व्याकरणाशी प्रामाणिक राहिली की वाचक तिचे जग स्वीकारतो. खरा प्रश्न नैतिक आहे. चिन्हाने काळ सरकवला, तर त्या सरकण्याची किंमत कोण चुकवतो आणि चिन्हात तिची नोंद राहते काय?

हा प्रश्न केवळ कल्पित जगापुरता नाही. मराठी दप्तरांनी अशी चिन्हव्यवस्था शतकानुशतके वापरली आहे. दख्खनेत चौदाव्या शतकापासून चालत आलेल्या शुहूर सनाचा आकडा अरबी संख्यावाचक शब्दांत लिहिला जाई. ‘इहिदे सितैन मया व अलफ’ ही शब्दावली अनभिज्ञाला मंत्रासारखी भासते; तिचा अर्थ एक, साठ, शंभर आणि हजार, म्हणजे ११६१ एवढाच. हा सन मुळात हिजरी. परंतु हिजरीचे चांद्रवर्ष सौरवर्षाहून सुमारे ११ दिवसांनी लहान असल्याने ऋतूंशी त्याचा मेळ राहत नाही. म्हणून गणनेचा आकडा हिजरीचा ठेवून वर्षारंभ मात्र मृग नक्षत्राशी बांधला गेला. पुढे निजामी राजवटीत मराठवाड्याचा शेतसारा ज्या फसली सनाने मोजला जाई, त्याचीही योजना हंगामासाठीच होती. ३३ चांद्रवर्षांच्या अवधीत सौरवर्षे सुमारे ३२ भरतात. सारा चांद्रवर्षाने मागितला, तर शेतकऱ्याला ३२ पिकांवर ३३ वेळा सारा द्यावा लागेल. येथे काळ सरकवणे हा सत्तेचा चमत्कार नसून पिकाला दिलेला न्याय आहे.

राज्याभिषेक शकाचे प्रयोजन वेगळे होते. शिवाजी महाराजांनी १६७४ मध्ये सुरू केलेला हा शक हंगाम मोजण्यासाठी नव्हता; काळाची गणना आपल्या सिंहासनापासून सुरू होते, असे ते सार्वभौमत्वाचे विधान होते. कालचिन्ह हिशेब करते, तसा हक्कही सांगते.

मात्र चिन्हाच्या सामर्थ्याला मर्यादा आहे. १४ जानेवारी १७६१ हा दिवस शके १६८२, शुहूर सन ११६१, हिजरी ११७४, फसली ११७० आणि राज्याभिषेक शक ८७ अशा पाच संकेतांत मांडता येतो. संकेत बदलला तरी पानिपतावर विश्वासरावांना लागलेली गोळी तीच राहते. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत नेमकी हीच गोळी चुकते आणि इतिहासाला दुसरी वाट फुटते. या किमयेसाठी नारळीकरांनी मंत्रलिपी योजली नाही. भौतिकी आणि गणित यांच्या परिभाषेतून त्यांनी तिचे स्पष्टीकरण दिले. तरीही कथेचे नैतिक बळ त्या परिभाषेत नाही. गंगाधरपंत त्या दुसऱ्या जगातून परततात, तेव्हा पुरावा म्हणून त्यांच्यापाशी बखरीचे एक पान उरते. ते विजय इकडे आणू शकत नाहीत. लेखकाने नायकाला पराभवापासून सुटका दिली नाही, आणि म्हणूनच ही कथा निव्वळ इच्छापूर्ती ठरत नाही.

कालचिन्ह अंकातच असते असे नाही. स्थळाचे नावही कालचिन्ह होऊ शकते. औरंगाबादचा, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरचा, क्रांती चौक पूर्वी काला चबुतरा म्हणून ओळखला जाई. १८५७ मध्ये येथील छावणीत हैदराबाद कंटिन्जंटच्या घोडदळाने उठाव केला आणि पकडलेल्या शिपायांना देहदंड झाला. राज्यकर्त्यांच्या नोंदीत ते ‘बंड’ होते. ‘क्रांती’ या एका शब्दाने तो काळ उलट वाचला गेला : गुन्हेगार हुतात्मे झाले आणि शिक्षेची जागा गौरवाची झाली. ही दुरुस्ती न्याय्यच आहे. परंतु नव्या नावामागे चबुतरा विसरला गेला, तर गौरव उरेल आणि ज्यांनी तो प्राणांनी मिळवला, ते पुन्हा एकदा नाहीसे होतील.

कल्पित कालचिन्हांच्या कथांचे मूल्यमापन याच निकषावर व्हावे. ज्या कथेत मांत्रिकाच्या एका रेघेने मेलेले उठतात आणि कोणाचेही काही जात नाही, तेथे काळाचा हिशेब झालेलाच नसतो. सन बदलताना जुन्या दप्तरातील बाकी नव्या दप्तरात ओढावी लागते. चिन्ह नवे करण्याचा अधिकार प्रत्येक पिढीला आहे. बाकी खोडण्याचा अधिकार मात्र कोणत्याही पिढीला नाही.