स्मरणाची वांटणी

रझाकारांचे अत्याचार परभणी जिल्हा विसरला नाहीं, आणि तें योग्यच आहे. १७ सप्टेंबरला आपण झेंडा उभारतों. परंतु १९४८ च्या पोलीस कारवाईच्या वेळीं व नंतर हैदराबाद संस्थानांत मुसलमानांची जी कत्तल झाली, तिचें काय? सुंदरलाल समितीनें मृतांचा अंदाज २७,००० ते ४०,००० दिला. अहवाल कित्येक दशकें प्रसिद्ध झाला नाहीं. ‘जुनें उकरूं नये’ हा उपदेश आपण शेजाऱ्याच्या जखमेपुरताच करतों, स्वतःच्या नव्हे! कंबोडियाच्या रिथी पान्ह यानें २००३ सालच्या चित्रपटांत तुरुंगाच्या जुन्या पहारेकऱ्यांनाच त्यांचीं तेव्हांचीं नित्यकर्में करून दाखवावयास लाविलें. आमच्याकडे असे विचारणारे थोडेच निघाले, आणि त्या दिवसांचे उरलेसुरले साक्षीदार आतां नव्वदीच्या घरांत आहेत.