नाबोथाचा मळा आणि रेडफर्नची वस्ती

नाबोथाच्या द्राक्षमळ्याची कथा आपल्या परिचयाची आहे. तथापि त्यातील एक गोष्ट सहसा ध्यानी येत नाही. अहाब राजाने आरंभीच मळा बळकावला नव्हता. त्याबदली अधिक चांगला मळा अथवा रोख मोल देऊ केले होते. व्यवहार म्हणून त्यात वावगे ते काय? नाबोथाने मात्र पूर्वजांचा वारसा देण्यास नकार दिला.

ऑस्ट्रेलियातील सिडनी शहराच्या रेडफर्न भागात हाच प्रश्न उभा राहिला. कामाच्या शोधात आलेले आदिवासी तेथे वस्ती करून राहू लागले. मात्र वर्ण पाहून घरमालक दार लावून घेत. १९७१ साली संत विन्सेंट धर्मग्रामात आलेल्या फादर टेड केनेडी यांनी धर्मगुरुनिवास बेघरांसाठी खुला केला. ‘मम शर्ल’ म्हणून ख्यात असलेल्या आदिवासी समाजसेविका शर्ली स्मिथ त्यांच्या सहकारी होत्या. १९७३ साली आदिवासींनी स्वतःची गृहसंस्था स्थापिली आणि सरकारी अनुदानातून ‘द ब्लॉक’ या वस्तीतील घरे क्रमाने विकत घेतली.

पुढे घरे जीर्ण झाली, अमली पदार्थांनी वस्ती पोखरली. रहिवासी हलविले गेले, घरे पाडली गेली. दुकाने व विद्यार्थ्यांची वसतिगृहे आधी बांधावीत, त्या उत्पन्नातून आदिवासींची घरे उभारावीत, असा संस्थेचा हिशेब होता. २०१४ साली आदिवासी स्त्रियांच्या पुढाकाराने मोकळ्या जागेवर तंबू उभे राहिले. मागणी एकच: आधी घरे. पुढील वर्षी ६२ घरांसाठी सरकारी साहाय्य मिळून समझोता झाला.

संस्थाही आदिवासींचीच असल्याने येथे कोणा एकाला अहाब ठरविणे न्याय्य होणार नाही. शिवाय पडक्या, व्यसनग्रस्त वस्तीत माणसांना ठेवणे ही कसली करुणा, असा आक्षेपही रास्त आहे. परंतु घर मोडकळीस आले तर ते दुरुस्त करावे. कुटुंबे पांगविणे हा त्यावर उपाय नव्हे. छप्पर अन्यत्रही मिळते. आजीच्या हाकेच्या अंतरावर वाढणारी नातवंडे, सुखदुःखाला धावून येणारे आप्त, दिवसभर अवहेलना सोसून परतल्यावर मान ताठ ठेवता येईल अशी गल्ली, ही मात्र नुकसानभरपाईत मिळत नाहीत.

म्हणून विस्थापिताला काय दिले एवढेच पाहून न्यायाचा निवाडा होत नाही. बांधकामाच्या यादीत त्याचे नाव कितवे होते आणि ती यादी करताना त्याला कोणी विचारले होते काय, हेही पाहावे लागते. नाबोथाला मोल सांगितले गेले. त्याचे म्हणणे मात्र कोणी ऐकून घेतले नाही.