अनाम सुरांचे ऋण

गाणे कोणाचे? ज्याने ते प्रथम रचले त्याचे, पिढ्यान्‌पिढ्या ज्यांनी ते गायिले त्यांचे, की ज्याने ते मैफलीत नेऊन त्यास प्रतिष्ठा मिळवून दिली त्याचे? वरवर पाहता हा प्रश्न संगीताच्या जाणकारांपुरता वाटतो. परंतु त्याच्या मुळाशी एक नैतिक प्रश्न आहे आणि तो आपणां सर्वांनाच लागू पडतो. ज्याचे नावही आपणांस ठाऊक नाही, त्याचे आपण काही देणे लागतो काय?

पुणे जिल्ह्याच्या उत्तरेस आंबेगाव व जुन्नर हे दोन तालुके एकमेकांस लागून आहेत. आंबेगावातील लोणीसारख्या गावांच्या या मुलखात पावसाची वाण पडली असेल, सुरांची कधी पडली नाही. पहाटे जात्यावर बसलेल्या बायांची ओवी, खंडोबाच्या जागरणात वाघ्या-मुरळीची गाणी, एकादशीला टाळ-मृदंगाचा गजर आणि यात्रेच्या रात्री तमाशाची ढोलकी, असा हा वारसा आहे. जुन्नर तालुक्यातील नारायणगावला तर तमाशाची पंढरीच म्हणतात. गुढीपाडव्याच्या सुमारास तेथे फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावची मंडळी यात्रेची सुपारी देण्यास येतात. शब्द रचणाऱ्या शाहिराचे नाव कधीमधी कवनाच्या शेवटी सापडते. चाल कोणाची, हे मात्र सहसा कोणी सांगू शकत नाही. ती आईकडून लेकीकडे आणि गुरूकडून चेल्याकडे आली, एवढेच आपण जाणतो.

अशा अनाम चालींवर प्रतिष्ठित संगीताने किती घेतले आहे, याचा हिशेब मोठा आहे. 1880 साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी पुण्यात ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणले. त्यात साकी, दिंडी, ओवी अशा लोकांच्या ओठी असलेल्या चालींना मानाचे स्थान होते. पुढे नाट्यसंगीताने रागदारीची भरजरी वस्त्रे ल्यायिली, तरी त्याचे बाळपण या चालींच्याच अंगाखांद्यावर गेले. मांड, पहाडी, पिलू या रागांचे माहेर लोकगीतांत आहे, असे जाणकार मानतात.

या संदर्भात कुमार गंधर्वांचे उदाहरण विशेष मननीय आहे. 1924 साली बेळगाव जिल्ह्यातील सुळेभावी येथे जन्मलेल्या आणि मुंबईत प्रा. बी. आर. देवधरांकडे शिकलेल्या या गायकाला ऐन उमेदीत क्षयाने गाठले. हवापालटासाठी 1948 साली ते माळव्यातील देवासला गेले. गाण्यास मनाई होती; ऐकण्यास नव्हती. अंथरुणावर पडल्या पडल्या त्यांच्या कानी बाहेरच्या रस्त्यावरची, शेतमळ्यांतली, लग्नाकार्यांतली माळवी गाणी पडत राहिली. चार-पाच सुरांतच फिरणाऱ्या त्या धुनांत एखाद्या संपूर्ण रागाचे बीज असू शकते, हे त्यांनी ओळखले. आजारातून उठल्यावर त्यांनी जे नवे राग मांडले, त्यांतील मालवती, लगनगंधार, संजारी यांसारख्या रागांना त्यांनी ‘धुनउगम’ म्हटले. ‘अनूपरागविलास’ या 1965 सालच्या ग्रंथात त्यांची नोंद झाली. ‘धुनउगम’ या एका शब्दातच ऋणाची कबुली आहे. हा राग आपण निर्माण केला, असे न म्हणता तो लोकांच्या धुनेतून उगवला, असे ते सांगतात. शिवाय माळव्याच्या लोकगीतांचा स्वतंत्र कार्यक्रम करून त्यांनी ती मूळ गाणीही श्रोत्यांपुढे ठेवली.

दूरच्या रशियातही हेच घडले. मिली बालाकिरेव या संगीतकाराने 1860 साली व्होल्गा नदीकाठी फिरून शेतकऱ्यांची व नावाड्यांची गाणी टिपून घेतली आणि 1866 साली त्यांतील चाळीस गाणी छापली. त्या पिढीच्या रशियन संगीताला या शिदोरीचा मोठा आधार झाला. चायकोव्हस्कीने आपल्या 1871 सालच्या चतुष्कासाठी, म्हणजे चार तंतुवाद्यांसाठी रचलेल्या कृतीसाठी, बहिणीच्या गावी एका साध्या कारागिराच्या तोंडून ऐकलेली चाल घेतली. ती ऐकताना शेजारी बसलेल्या तोलस्तोयच्या डोळ्यांतून अश्रू वाहू लागले, हे चायकोव्हस्कीने स्वतः नमूद केले आहे. तोलस्तोयचे अश्रू इतिहासात राहिले, चायकोव्हस्कीचे नाव अजरामर झाले; तो कारागीर मात्र आपल्या कामावर परत गेला.

येथे कोणी आक्षेप घेईल, की यात अन्याय तो काय? लोकगीत हे सर्वांचे असते. ते नदीच्या पाण्यासारखे आहे. ओंजळभर घेतल्याने नदी आटत नाही. शिवाय त्या कारागिरालाही ती चाल कोणाकडून तरी फुकटच मिळाली होती. या युक्तिवादात तथ्य आहे, हे मान्य केले पाहिजे. चाल उचलणे ही चोरी नव्हे. तसे मानले, तर सर्व संगीतच थांबेल. होनाजी बाळाने लावणीत रागदारी आणली आणि नाटकवाल्यांनी लावणीच्या चाली रंगभूमीवर नेल्या. ही देवघेव पूर्वापार चालत आली आहे.

परंतु चोरी नाही म्हणून ऋणही नाही, असे ठरत नाही. नदीचे पाणी सर्वांचे असले, तरी ती स्वच्छ ठेवण्याची जबाबदारीही सर्वांचीच असते. निनावी म्हणजे बेवारशी नव्हे. आमच्या मते या ऋणाचे तीन हप्ते आहेत. पहिला, जे घ्यावयाचे ते मन लावून शिकून घ्यावे; ‘गावठी’ म्हणून हिणवत वापरू नये. दुसरा, कोठून घेतले ते उघडपणे सांगावे. आणि तिसरा, सर्वांत कठीण असा, की ज्यांच्याकडून घेतले त्या हयात माणसांकडे पाठ फिरवू नये.

तिसऱ्या हप्त्यात आपला समाज बहुधा थकबाकीदारच राहिला आहे. लावणीच्या चाली चित्रपटांत आणि नाट्यगृहांत गाजल्या; परंतु तमाशासम्राज्ञी म्हणून गौरविल्या गेलेल्या विठाबाई नारायणगावकरांना राष्ट्रपती पुरस्कार मिळूनही अखेरच्या काळात हलाखी सोसावी लागली. 2002 साली त्यांचे निधन झाले. पुढे शासनाने त्यांच्या नावे पुरस्कार सुरू केला. हे उचितच झाले. पण नावाला मिळणारा मान माणसाला हयातीत लाभता, तर अधिक बरे झाले असते. मजुराची मजुरी अडवून ठेवू नये, ही शिकवण आपण बाळपणापासून ऐकतो. गाणाऱ्याचे श्रमही श्रमच आहेत.

दुसरा हप्ता कसा फेडावा, याचा धडा हेमा राईरकर आणि गी पोइटवाँ या दोघांनी घालून दिला. पुण्यात राहून त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी खेडोपाडीच्या एक लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. त्यांनी केवळ ओवी लिहून घेतली नाही. ती गाणाऱ्या बाईचे नाव आणि तिचे गाव हेही टिपून ठेवले. घरोघरची जाती थांबून पिठाच्या गिरण्या आल्या असताना, जिला कोणी कवयित्री म्हटले नव्हते, तिच्या नावाची अशी नोंद झाली. हे साधे कारकुनी काम वाटेल. पण त्यात न्याय आहे.

आपणही या ऋणातून मुक्त नाही. 1616 साली छापलेल्या ‘क्रिस्तपुराणा’साठी फादर थॉमस स्टीफन्स यांनी ओवी निवडली. ती आपल्याच मातीतील आयाबायांची आणि संतांची ओवी होती. 1963 साली दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने निरनिराळ्या लोकांच्या संगीतपरंपरेला उपासनेत योग्य स्थान द्यावे, असे सांगितले. त्यानंतर भजनाच्या आणि लोकगीतांच्या वळणाची गीते मराठी मंदिरांत रुळली. गायकवृंद अशी चाल उचलतो, तेव्हा गीताच्या वहीत कवीच्या नावाखाली ‘चाल : जात्यावरची ओवी’ एवढे तीन शब्द लिहिण्यास कितीसा वेळ लागतो? आणि घरातील वृद्ध आजीला तिची गाणी पुन्हा म्हणावयास सांगून, तिच्या नावासह ती उतरवून घेण्यास कोणत्या पदवीची गरज आहे?

कृतज्ञता ही मोठ्यांच्या नावांपाशी थांबली, तर तो केवळ शिष्टाचार होतो. ज्यांची नावे पुसली गेली, त्यांच्यापर्यंत ती पोहोचली, तरच तिला सद्‌गुण म्हणता येईल. ज्यांची नावे अजून विचारता येतात, त्यांना ती आजच विचारली पाहिजेत.